आपल्याला जे आवडतं ते का आवडतं? मेंदू, उत्क्रांती आणि सोलापुरी ताट

काळी_माती

हुरड्याच्या धाग्यावर "गोड आवडणं ही निव्वळ सवय, मनावर घेतलं की सुटते" असा एक प्रतिसाद आला आणि चर्चा भलतीकडेच गेली. तो धागा आगटी, गोवऱ्या आणि यंदा कुणाच्या रानात जायचं यासाठीच राहू दे. हा विषय इथे वेगळा काढतोय.

माझं म्हणणं आधीच सांगतो. आवडीनिवडीतला जन्मजात भाग फार थोडा असतो, पण तो हट्टी असतो. बाकीचा सगळा शिकलेला, त्यामुळे बदलताही येतो. कुठला भाग कुठला हे न ओळखता माणसं पहिल्याशी भांडत बसतात आणि दुसऱ्याला नशीब म्हणून सोडून देतात.

जन्मजात भाग आला तो मेंदूच्या खर्चातून. मोठ्या माणसाच्या वजनात मेंदू जेमतेम २ टक्के, पण शरीर स्वस्थ पडलेलं असताना जी ऊर्जा जळते तिच्यातला सुमारे २० टक्के वाटा एकटा मेंदू घेतो. पाचेक वर्षांच्या मुलात तर दिवसभराच्या ऊर्जेपैकी ४० टक्क्यांहून जास्त मेंदूकडे जाते. सुमारे ३२ लाख वर्षांपूर्वीच्या 'ल्युसी'च्या जातीचा मेंदू ४००-५०० घन सेंटिमीटरचा होता, आपला सरासरी १३५०च्या आसपास. एवढा खर्चिक अवयव पोसायचा तर थोड्या चघळण्यात, थोड्या पचवण्यात जास्त ऊर्जा देणारं अन्न ओळखता यायला हवं आणि समोर आलं की सोडवू नये. पिकलं फळ, मध, चरबी, हाडातला मगज, कंद. आजही जीभ त्याच यादीवर चालते.

हुरड्याचंच बघा. ज्वारीचा दाणा चिकात असतो तेव्हा त्यात साखर बरीच असते. दाणा भरत जातो तसं साखरेचं पिष्ट (स्टार्च) होत जातं. त्यामुळे हुरड्याचा खरा गोडवा काही दिवसच मिळतो; दोन-चार दिवस उशीर झाला की तीच गूळभेंडी (हुरड्याची ज्वारी) पिठूळ लागायला लागते. दाण्यातली ऊर्जा उलट वाढलेली असते! पण पिष्टाचा रेणू मोठा, जिभेवरच्या गोडाच्या ग्राहकात (रेणू ओळखणाऱ्या प्रथिनात) तो बसतच नाही. जिभेला कळते फक्त सुटी साखर. पक्क्या ज्वारीच्या भाकरीचा कोरडा तुकडा अर्धा मिनिट चावून तोंडातच ठेवा, बारीक गोडी येते. लाळेतलं अमायलेज पिष्ट तोडतं, त्याची ती गोडी. हुरड्यात साखर अजून सुटीच असते, हे काम करावंच लागत नाही, म्हणून पहिल्या घासालाच मेंदू हो म्हणतो.

चेतापेशी

चांगला धागा. जन्मजात म्हणजे नेमकं काय, ते नीट मांडून ठेवू, नाहीतर पुढे सगळ्यालाच "उत्क्रांती" म्हटलं जाईल.

जन्मल्यावर काही तासांच्या बाळाच्या जिभेवर साखरेच्या पाण्याचा थेंब ठेवला तर चेहरा सैल पडतो आणि ते चोखायला लागतं. कडू थेंबाला तोंड वाकडं होतं, जीभ बाहेर येते. हे कुणी शिकवलेलं नसतं. मेंदूचा खालचा भाग, म्हणजे मेंदूस्तंभच, हे काम उरकतो. उमामी, म्हणजे ग्लुटामेटची चव, हीही बाळाला चालते. आईच्या दुधात ती भरपूर असते. (१९०८ मध्ये जपानच्या इकेदांनी ही चव वेगळी काढली.) मिठाचं मात्र तसं नाही. पहिले साधारण चार महिने बाळाला खारट-अळणी सारखंच, आवड त्यानंतर दिसते. आंबटाला बाळं तोंड वेंगाडतात, पण पुढे बऱ्याच मुलांना चिंच, कैरी, अंबाडी प्रिय होते.

गोडाचा ग्राहक एकच, दोन प्रथिनांच्या जोडीचा. मांजराकडे त्यातल्या एकाचं जनुक मोडलेलं आहे, म्हणून मांजराला साखर कळत नाही. कडूसाठी मात्र आपल्याकडे सुमारे २५ वेगवेगळे ग्राहक आहेत. कारण उघड आहे. ऊर्जा देणाऱ्या साखरा दोन-चार, पण वनस्पतींची विषं हजारो प्रकारची. गोड चुकलं तर एक घास हुकतो, कडू चुकलं तर जीव जातो.

आपल्या भागातलं उदाहरण किराळीचं. पावसाने ताण दिलेल्या, गुडघ्याखालच्या कोवळ्या ज्वारीत धुरिन नावाचा पदार्थ साठतो. जनावरानं ती खाल्ली की त्यातून सायनाइड सुटतं आणि जनावर तडफडून पडतं. पक्क्या दाण्यात हे नगण्य असतं, तेव्हा भाकरी खाणाऱ्यांनी घाबरू नये. पण याच कुळातले पदार्थ, कडू बदामातला अमिग्डालिन वगैरे, ओळखणारा एक खास कडू ग्राहक माणसाच्या जिभेवर आहे, आणि त्याची जास्त संवेदनशील आवृत्ती आपल्या पूर्वजांत निवडली गेल्याच्या खुणा जनुकांत दिसतात. "कडू म्हणजे थांब" हा नियम उगाच आलेला नाही.

हुरडाप्रेमी

लई भारी लिहिलंय दोघांनी. पण एक शंका हाय. कडू जन्मजात नको, गोड जन्मजात हवं, समजलं. मग तिखट? सोलापुरात तर मुलगं चालायला लागलं की शेंगाचटणी मागतंय. ते कुठल्या खात्यात टाकायचं सांगा की.

पूर्वभाग

तिखट कुठल्याच चवीच्या खात्यात बसत नाही, कारण ती चवच नाही. मिरचीतलं कॅप्साइसिन ज्या ग्राहकाला चिकटतं तो मुळात उष्णतेचा ग्राहक. साधारण ४३ अंश सेल्सिअसच्या वर तो उघडतो आणि "भाजतंय" असा निरोप पाठवतो. कॅप्साइसिन त्याला साध्या तापमानालाच उघडतं. १९९७ मध्ये डेव्हिड ज्युलियस यांच्या प्रयोगशाळेने हा ग्राहक शोधला, २०२१ चं नोबेल त्यांना त्यावरच मिळालं. पक्ष्यांच्या ग्राहकावर कॅप्साइसिनचा परिणाम होत नाही. दाढांखाली बी भरडणारे प्राणी दूर राहावेत आणि बी अखंड बाहेर टाकणारे पक्षी यावेत, हा मिरचीच्या झाडाचा बंदोबस्त. माणूस हा त्या बंदोबस्ताला न जुमानणाऱ्या मोजक्या सस्तन प्राण्यांतला एक.

म्हणजे तिखटाची आवड बहुतांशी शिकलेली. आणि शिकायला वेळही फार मिळालेला नाही. मिरची अमेरिका खंडातली, पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकात इकडे आली. भुईमूगही दक्षिण अमेरिकेचा. ज्या शेंगाचटणीवर सोलापूरची ओळख ठरते तिचे दोन्ही मुख्य जिन्नस परदेशी. त्याआधी तिखटपणा मिरी, पिंपळी, आल्याचा होता. चार-पाचशे वर्षांत जनुकं बदलून आवड तयार होत नसते. घराघरांतलं शिक्षण तेवढ्यात कैक पिढ्या होऊन जातं.

हे शिकणं दोन टप्प्यांत होतं. एक, ग्राहक बधिर होतो: रोज थोडं तिखट खाणाऱ्याच्या तोंडात त्याच मात्रेला आग कमी होते. दोन, मेंदू हिशेब मांडतो की आग झाली, घाम आला, पण काही बिघडलं नाही, आणि सोबत शेंगदाण्याचं तेल, लसूण, भाकरीची ऊर्जा मिळाली. पॉल रोझिन या मानसशास्त्रज्ञाने यावर बरंच काम केलंय. संकटाचा निरोप आला तरी संकट नाही हे माहीत असण्यातच ती मजा आहे, असं त्याचं म्हणणं.

व्यवहारातली गोष्ट: तोंड भाजलं की पाणी पिऊ नका. कॅप्साइसिन पाण्यात विरघळत नाही, पाणी ते फक्त तोंडभर फिरवतं. घट्ट दही किंवा साईचं दूध घोटभर तोंडात धरून ठेवायचं. दुधातलं केसिन आणि स्निग्धांश ते ओढून घेतात. पातळ ताकाचा उपयोग कमी. आणि मिरचीचा जाळ बियांत नसतो, बिया ज्या पांढऱ्या शिरेला चिकटलेल्या असतात त्या शिरेत असतो. लहान मुलांच्या चटणीसाठी सुकी मिरची आधी चिरून ती शीर काढली तर रंग राहतो, आग उतरते.

शंकासुर

वाचतोय. आता थोडी काडी टाकतो, कारण या विषयात "आपले पूर्वज गुहेत राहायचे म्हणून..." असं म्हणून काहीही खपवता येतं.

१. १९९५ मध्ये लेस्ली आयेलो आणि पीटर व्हीलर यांनी मांडलं की मेंदू आणि आतडी दोन्ही महाग, म्हणून मेंदू वाढला तशी आतडी आखडली. फार सुंदर कल्पना. २०११ मध्ये शंभर सस्तन जातींची मोजमापं घेतली, शरीरातली चरबी वजा केली, तर मेंदू आणि आतड्यांचं असं उलटं नातं सापडलंच नाही. माणसापुरती ती खरी असेलही, सार्वत्रिक नियम म्हणून मात्र पांगळी.

२. उष्ण देशात मसाले जास्त, कारण ते जंतू मारतात. हे १९९८ चं. २०२१ मध्ये सत्तर पाककृतींच्या परंपरांमधल्या तेहतीस हजारांवर कृती तपासल्या. जंतुसंसर्गाच्या धोक्याने मसाल्यांचा उलगडा होत नाही असं निघालं.

३. जेम्स नील यांचं १९६२ चं 'काटकसरी जनुक': दुष्काळात तगणाऱ्यांची जनुकं आज मधुमेह देतात. दुष्काळ आपल्या सोलापूर जिल्ह्याला नवे नाहीत, म्हणून ही गोष्ट इथे पटकन पटते. पण असं ठळक जनुक हाती लागलेलं नाही. पुण्याच्या डॉ. चित्तरंजन याज्ञिकांचं काम जास्त भरवशाचं वाटतं. पुण्याजवळच्या खेड्यांतली बाळं सरासरी २.७ किलोची, इंग्लंडमधली ३.५ किलोची; पण आपली बाळं हडकुळी दिसूनही चरबी राखून, स्नायू गमावून जन्मतात. यात पूर्वजांपेक्षा आईच्या ताटाचा आणि गर्भातल्या नऊ महिन्यांचा संबंध जवळचा.

गोष्ट रंगते म्हणून ती खरी मानायची नाही, एवढंच.

काळी_माती

शंकासुरराव, तिन्ही मुद्दे मान्य. म्हणून काय टिकलंय तेच सांगतो.

वानरकुळातल्या १४० हून अधिक जातींच्या तुलनेत (२०१७) पानं खाणाऱ्यांपेक्षा फळं खाणाऱ्यांचा मेंदू सुमारे २५ टक्के मोठा निघाला, कळपाच्या आकाराशी मात्र तसं नातं दिसलं नाही. कोणतं झाड कधी पिकतं, फळ कसं फोडायचं, हे लक्षात ठेवायला मेंदू लागतो आणि त्या मेंदूला फळाची साखर लागते.

दुसरं शिजवण्याचं. रिचर्ड रँगम यांचा दावा असा की होमो इरेक्टसचा (माणसाच्या एका पूर्वज-जातीचा) मेंदू वाढला तो विस्तवामुळे. कच्ची बाजू तारखेची: इरेक्टस सुमारे १९ लाख वर्षांपूर्वीचा, आणि आगीचा बऱ्यापैकी पक्का पुरावा दक्षिण आफ्रिकेतल्या वंडरवर्क गुहेत सुमारे १० लाख वर्षांपूर्वीचा. मधली ९ लाख वर्षं रिकामी. पण शिजवल्याने ऊर्जा जास्त मिळते यात वाद नाही, आणि त्याचा प्रयोग प्रत्येक घरात रोज होतो. ज्वारीत ग्लुटेन नाही. भाकरीच्या पिठात आधणाचं पाणी ओततो तेव्हा साधारण ७० अंशांच्या पुढे पिष्टाचे कण फुगून फुटतात आणि तोच चिकटपणा भाकरीला धरून ठेवतो. पाणी कोमट असेल तर थापताना कडा फाटतात, पीठ जुनं असेल तरीही. फुगलेलं पिष्ट अमायलेजला सहज सापडतं. कच्चं पीठ फाकलं तर त्यातलं बरंचसं लहान आतड्यातून तसंच पुढे जाईल. शिवाय ज्वारीचं प्रथिन, काफिरिन, पाण्यात शिजलं की उलट घट्ट गुंफलं जातं आणि सावकाश पचतं. भाकरी "पोटाला आधार देते" त्यात याचाही वाटा आहे.

तिसरं लाळेतलं अमायलेज. या जनुकाच्या प्रती माणसागणिक वेगळ्या असतात, कुणाकडे दोन, कुणाकडे दहाच्या वर. पिष्ट जास्त खाणाऱ्या समाजांत सरासरी प्रती जास्त, हे २००७ मध्ये दिसलं. तेव्हा सगळे म्हणाले, शेतीमुळे. २०२४ च्या कामाप्रमाणे या प्रती वाढायला सुरुवात ८ लाख वर्षांपूर्वीच झालेली असावी, म्हणजे शेतीच्या कितीतरी आधी.

तवा_ते_ताट

आहाराच्या कामाचं बोलू का आता? कारण वाचणाऱ्याला शेवटी हेच हवं असतं: मुलगा भाजी खात नाही, सासऱ्यांचं मीठ सुटत नाही, चहातली साखर कमी होत नाही. तिन्हींना वेगळं औषध आहे, कारण तिन्हींची मुळं वेगळी आहेत.

भाजी. दोन ते सहा या वयात मूल अनोळखी अन्नाला नाही म्हणतं. नुकतं चालू लागलेलं, आईच्या नजरेआड जाणारं पोर दिसेल ते पान तोंडात घालू नये यासाठीचा हा पहारा असावा असं मानतात. तो फक्त ओळखीने उठतो, ओरडून नाही. एकाच आठवड्यात पाच भाज्या बदलू नका. एक धरा, समजा दोडका. चहाच्या चमच्याएवढा, रोज किंवा दिवसाआड, मुलाला भूक असताना, जेवणाच्या सुरुवातीला. चाखून थुंकला तरी चाखणं मोजायचं. आठ ते पंधरा वेळा चाखल्यावर बहुतेक मुलांचा विरोध मावळतो. घरोघरी गाडं अडतं ते तिसऱ्या-चौथ्या वेळेला, "ह्याला आवडतच नाही" म्हणून आई थांबते तिथे.

आणि "भाजी खाल्लीस तर चॉकलेट" हे बंद. प्रयोगांत हे पुन्हा पुन्हा दिसलंय: बक्षिसाची ओढ वाढते, भाजीची घटते. मूल सरळ हिशेब करतं की ज्यासाठी लाच द्यावी लागते ती वस्तू वाईटच असणार.

आपल्याकडे एक तयार युक्ती आहे, ती म्हणजे कूट. दोडका, घेवडा, शेपू, काहीही असो, सोलापुरी बाई त्यात शेंगदाण्याचा कूट घालतेच. अनोळखी चवीबरोबर ऊर्जा आली की मेंदू ती चव "चांगली" म्हणून नोंदवतो. सुरुवातीला पाव किलो भाजीला दोन मोठे चमचे कूट, मुलाला चव रुळली की हळूहळू एक. अख्खे शेंगदाणे मात्र चार-पाच वर्षांखालच्या मुलाला देऊ नका, घशात अडकतात. कूट किंवा मऊ वाटण चालतं.

गर्भारपणात आणि अंगावर पाजताना आई जे खाते त्याचे वास गर्भजलातून, दुधातून बाळापर्यंत पोचतात. लसूण खाल्ल्यावर दोनेक तासांत दुधाला त्याचा वास येतो आणि बाळं दूध नाकारत नाहीत, उलट जास्त वेळ ओढतात. तेव्हा बाळंतिणीला महिनाभर फक्त फिकं वरण-भात घालण्याने बाळाचं शिक्षण उशिरा सुरू होतं, एवढंच.

मीठ. हे सुटतं, हमखास सुटतं, पण हळू. मीठ कमी केल्यावर ८ ते १२ आठवड्यांत कमी मिठाचंच जेवण बरोबर लागायला लागतं आणि आधीचं खारट वाटतं. जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा दिवसाला ५ ग्रॅमच्या आत, म्हणजे सपाट एक छोटा चमचा, सगळं मिळून. शेंगाचटणीचं गणित करा: दीडशे ग्रॅम भाजलेले दाणे, आठ-दहा पाकळ्या लसूण, दोन चमचे तिखट, चमचाभर जिरं, ५ ग्रॅम मीठ. ताटात दोन चमचे, वीसेक ग्रॅम चटणी घेतली की साधारण अर्धा ग्रॅम मीठ गेलं. हे ठीक. पण घरात कित्येकदा मीठ याच्या दुप्पट पडलेलं असतं आणि वर लोणचं, पापड. करायचं असं: चटणीतलं मीठ दर तीन आठवड्यांनी पाव हिश्श्याने कमी, आणि ते कुटताना सुरुवातीला न घालता शेवटच्या दोन-चार घावांत घालायचं. दाण्याच्या वर राहिलेलं मीठ जिभेला लगेच भेटतं, तेलात गुंतलेलं उशिरा. दाणे मंद आचेवर खरपूस भाजा. भाजण्यातून जो वास येतो तो मिठाची उणीव बरीच झाकतो. जळाले तर मात्र कडवटपणा येतो आणि तो झाकायला पुन्हा मीठच लागतं.

साखर. इथे खोटी आशा दाखवणार नाही. तीन महिने साखर कमी केलेल्यांना तीच खीर जास्त गोड *जाणवते*, पण गोडाची *आवड* तेवढीच राहते (२०१६ चा प्रयोग). मिठासारखी ती उतरत नाही, काळी_माती म्हणतात तो हट्टी भाग हाच. म्हणून साखरेला इच्छाशक्तीने हरवायला जाऊ नये. घरात, टेबलावर, दुकानात ती समोर कमी येईल असं बघावं. चहातली साखर कमी करा, पण त्याच्या जोडीला बिस्किटं खात असाल तर बेरीज तिथेच राहते.

हुरडाप्रेमी

हे लई कामाचं. आता गड्ड्याच्या जत्रेतलं सांगा. जेवून पोट टच्च, आमटी-भाताकडं बघवत नाही, आणि हुग्गी (गव्हाची खीर) आली की वाटीभर जाते. पोटात जागा कुठनं येते?

चेतापेशी

जागा पोटात नसते, मेंदूत असते. एकच चव खात राहिलं की त्या *विशिष्ट* चवीचं सुख उतरत जातं, बाकीच्या चवींचं तसंच राहतं. डोळ्यांच्या मागे, मेंदूच्या पुढच्या भागातल्या चेतापेशी त्या एका पदार्थाला प्रतिसाद देणं थांबवतात, नवा पदार्थ आला की पुन्हा जाग्या होतात. एकाच कंदावर न थांबता निरनिराळं खाणाऱ्या सर्वभक्षी प्राण्याला हे सोयीचं होतं, जीवनसत्त्वं तशीच गोळा होतात. बार्बरा रोल्स यांच्या प्रयोगात चार वेगळे पदार्थ एकामागून एक वाढले, तेव्हा एकाच पदार्थाच्या जेवणापेक्षा सुमारे ६० टक्के जास्त ऊर्जा पोटात गेली. लग्नाच्या पंगतीत, बुफेत हेच. वजन सांभाळायचं असेल तर ताटातल्या *भाज्यांची* विविधता वाढवा, गोडाची एकावर आणा. मन मारायची गरज नाही.

आणखी एक. हवंसं वाटणं आणि खाऊन बरं वाटणं हे मेंदूत दोन वेगळे मार्ग आहेत. केंट बेरिज यांनी उंदरांतलं डोपामिन (मेंदूतलं एक निरोप्या रसायन) जवळजवळ संपवलं. उंदीर खायला उठेनात, पण तोंडात साखर घातली तर चेहरा पूर्वीसारखाच खूश. डोपामिन ओढ लावतं, गोडी देत नाही. म्हणून फरसाणाची पिशवी शेवटी शेवटी फारशी चांगली लागत नसते, तरी हात जातोच.

स्निग्ध पदार्थ आणि पिष्ट-साखर एकत्र आले की ही ओढ आणखी वाढते. तेवढ्याच ऊर्जेचा नुसता तेलकट किंवा नुसता पिठूळ पदार्थ दिला तर माणसं त्याला कमी किंमत लावतात. निसर्गात ही जोडी जवळजवळ आईच्या दुधातच सापडते.

शंकासुर

म्हणूनच "एकादशी, दुप्पट खाशी". साबुदाणा, बटाटा, दाण्याचा कूट, तूप, मिरची. आषाढीला पंढरपुरात ज्याला उपवास म्हणतात त्या खिचडीतले साबुदाणा, बटाटा, दाणे, मिरची हे चारही अमेरिका खंडातून आलेले. विठोबाची हरकत दिसत नाही.

पण साबुदाण्याचा खरा दोष वेगळा आहे. तो जवळजवळ निव्वळ पिष्ट, प्रथिन एक टक्क्याच्याही आत. सिम्पसन आणि राउबेनहायमर यांचं २००५ पासूनचं म्हणणं असं की प्राणी प्रथिनाचा कोटा भरेपर्यंत खात राहतो. अन्नात प्रथिन पातळ असेल तर बाकी ऊर्जा फुकट वाढते. पूर्वजांच्या गोष्टींपेक्षा हे तपासता येतं, म्हणून मला पटतं.

त्या हिशेबाने भाकरी आणि शेंगाचटणीसुद्धा पुरं जेवण नाही, कितीही अभिमान असला तरी. प्रौढाला प्रथिनाच्या दर १०० ग्रॅममागे साधारण ४.५ ग्रॅम लायसिन (प्रथिनाचा एक घटक, जो शरीर स्वतः बनवू शकत नाही) लागतं. ज्वारीत ते २ च्या आसपास, शेंगदाण्यात साडेतीन. दोन्ही तोकडे, एकमेकांची भर घालत नाहीत. दोन भाकऱ्या (१२० ग्रॅम पीठ) आणि २० ग्रॅम चटणी: प्रथिन सुमारे १७ ग्रॅम, लायसिन त्याच्या अडीच टक्क्यांच्याही आत. चटणीच्या जागी ४० ग्रॅम बेसनाचा झुणका घ्या, प्रथिन २१ वर, लायसिन चारपर्यंत. वर वाटीभर दही घेतलं की साडेचारची रेघ ओलांडली. तूर, मटकी, हरभरा यांनीही तेच काम होतं.

तवा_ते_ताट

अगदी. म्हणून चटणी *सोबत* असावी, कालवणाच्या जागी नसावी. दही सगळ्यांना चालेल का, असं कुणी विचारेल. मोठेपणी दूध पचवणारं जनुकरूप भारतात आहे, युरोपातलंच, पण वायव्येकडे जास्त, दक्षिणेकडे येत कमी. दुधाने पोट फुगणाऱ्याला दही-ताक बहुतेक वेळा चालतं, कारण विरजणातल्या जंतूंनी लॅक्टोज (दुधातली साखर) काहीसं आधीच खाल्लेलं असतं. गोडसर ताजं दही सोसत नसेल तर रात्रभर लागलेलं, थोडं आंबट घ्या.

पूर्वभाग

आंबटावरून आठवलं, अंबाडी राहिली. तेलुगू घरांत गोंगुरा, मराठी घरांत अंबाडीची भाजी. आपल्या पूर्वजांचं क जीवनसत्त्व बनवणारं जनुक सुमारे सहा कोटी वर्षांपूर्वी निकामी झालं. फळं-पानं रोज मिळत होती म्हणून निभावलं. बहुतेक प्राणी आंबटाला टाळतात, आपल्याला ते आवडतं, त्याचा या गोष्टीशी संबंध जोडतात. शंकासुरराव चिडण्याआधी सांगतो, हे सिद्ध झालेलं नाही.

कारल्याबद्दल मात्र पक्कं: मीठ कडूपणा दाबतं, साखरेपेक्षा चांगलं. काप करून मीठ लावून अर्धा तास ठेवा, पिळा, एकदा धुऊन घ्या म्हणजे जादा मीठ जाईल, मग चिंच-गूळ-कूट.

हुरडाप्रेमी

शेवटचा प्रश्न. कडक भाकरी ताज्या भाकरीपेक्षा जास्त का खाल्ली जाते? आणि दुधी कडू निघाला तर मीठ लावून चालतो का?

चेतापेशी

दुधीचं आधी. अजिबात नाही. कारल्याचा कडूपणा ओळखीचा, त्या भाजीचा स्वभाव. दुधी, काकडी, दोडका कडू लागले तर तो कुकरबिटासिनचा इशारा. शिजवून जात नाही, मिठाने चव दबते पण विष राहतं. कडू दुधीचा रस पिऊन रक्ताच्या उलट्या, रक्तदाब कोसळणं, मृत्यूही झालेले आहेत. भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषदेच्या समितीने याबाबत स्पष्ट सूचना दिलेल्या आहेत. रस काढायच्या आधी देठाकडचा छोटा तुकडा चाखायचा, कडू लागला तर थुंकून अख्खा दुधी टाकायचा. रस पोटात गेलाच आणि मळमळ सुरू झाली तर घरगुती उपाय न करता थेट दवाखाना.

कडक भाकरीत आवाजाचा भाग मोठा आहे. कुरकुरीत म्हणजे ताजं, असा मेंदूचा अंदाज असतो. चार्ल्स स्पेन्स यांनी वेफर खाणाऱ्यांच्या कानात कुरकुर वाढवून ऐकवली, तर तेच वेफर लोकांना ताजे वाटले. पाणी उडालेलं असल्यामुळे तेवढ्याच घासात ऊर्जाही जास्त, आणि पोट भरल्याचा निरोप यायच्या आत दोन-तीन पानं फस्त होतात. मऊ पडली तर हवेतलं पाणी शोषलंय एवढंच. मंद तव्यावर दोन-तीन मिनिटं, दाबत, दोन्ही बाजूंनी, पूर्ण गार करून मगच डब्यात. गरम डब्यात भरली तर वाफ धरून पुन्हा मऊ होते. जास्त खाल्ली जाऊ नये असं वाटत असेल तर आमटीत चुरून खा, वेळ लागतो.